येडू बंडगरचं मनिलाचं गोड

येडू बंडगर मेला असं भवानी पेठेनं एकदा ठरवलं होतं. पेठेनं ठरवलेल्या गोष्टी सहसा बदलत नाहीत. तरी एकोणीसशे सत्तावीसच्या थंडीत हा गृहस्थ डोक्याला हॅट आणि पायात काही नाही अशा थाटात स्टेशनावरून चालत घरी आला, आणि पेठेला आपलं मत बदलावं लागलं. हे त्याला कुणी कधी माफ केलं नाही.

ठरवण्यात तसा कुणाचा दोष नव्हता. येडू सांगोल्याकडचा धनगर. दुष्काळानं मेंढरं नेली तेव्हा त्याचा बाप कुटुंब घेऊन सोलापुरात आला आणि गिरणीत लागला. येडू गिरणीत टिकला नाही; भोंगा त्याला मानवला नाही. त्याच सुमारास गावात एक सर्कस उतरली होती. वाघसिंहांच्या पोटासाठी घेतलेल्या बकऱ्या राखायला मालकाला माणूस हवा होता. धनगराच्या पोराला यापेक्षा घरचं काम कुठलं मिळणार? फरक एवढाच, की इथला कळप रोज संध्याकाळी थोडा कमी व्हायचा आणि त्याबद्दल राखणदाराला कुणी बोल लावत नसे. बायको केराबाई आणि लहानगी लेक मायाक्का यांना "दिवाळीला येतो" असं सांगून येडू सर्कशीबरोबर गेला. कुठल्या दिवाळीला, ते केराबाईनं विचारलं नाही.

सर्कस बोटीनं सिंगापूरला गेली, तिथून मनिलाला. मनिलाला एका सकाळी मालक सापडेना. जनावरं विकली गेली, माणसं पांगली. त्यांतला एक जण पुढं कधीतरी सोलापूर स्टेशनावर कुणाला तरी भेटला. तो म्हणाला, निम्मी माणसं तापानं गेली. निम्मी म्हणजे कोणती, हे त्याला सांगता येईना. येडूचा चुलतभाऊ बिरप्पा बंडगर हा भावकीचा मुख्य. त्यानं विचार करून येडूला गेलेल्या निम्म्यात घातलं. केराबाईनं कुंकू पुसलं. दहाव्याला भावकी पोटभर जेवली. त्या पंगतीत येडूबद्दल चार चांगले शब्द बोलले गेले. ते पहिलेच होते, आणि तो जिवंत निघाल्यामुळे शेवटचेही ठरले.

तो आला तेव्हा केराबाई दारात भांडी घासत होती. तिनं हॅट पाहिली, मग हॅटखालचं तोंड पाहिलं.

"कुटं व्हता?"

"मनिलाला."

"मग हितं काय इसारलं व्हतं?"

आणि ती उरलेली भांडी घासू लागली.

तिच्या रागाला कारण होतं. नवरा गेल्यावर तिनं गिरणीत सुताच्या कांड्या भरल्या, सासऱ्याला पोचवलं, लेक वाढवली. आता मायाक्काचं सांगोल्याकडच्या एका घरी जमत आलं होतं. घर मेंढरांचं, विहिरीचं. मुलगा निर्व्यसनी, म्हणजे निदान तंबाखूवर थांबलेला. बाप नसलेली मुलगी म्हणून त्या लोकांनी मोठ्या मनानं होकार दिला होता. आणि आता बाप होता. नुसता होता असं नाही, समुद्रापलीकडं आठ-नऊ वर्षं परक्यांच्या हातचं खाऊन आलेला होता. बिरप्पानं भावकी बसवली आणि निकाल दिला, की येडू जातीबाहेर, आणि येडू ज्या घरात राहील ते घरही बाहेर. त्या घरचं पाणी नाही, चिलीम नाही, मग सोयरीक कसली?

"तुमी मेल्यालंच बरं व्हतं," केराबाई म्हणाली. "पोरीचं लगीन तरी झालं असतं."

ही शिवी नव्हती. परिस्थितीचा इतका अचूक आढावा पेठेत दुसऱ्या कुणी घेतला नव्हता.

"मनिलात असली रीत न्हाय," येडू म्हणाला.

हे उत्तर तो सगळ्यालाच देत असे. सोलापूरच्या नळाचं पाणी, सोलापूरचं ऊन, सोलापूरच्या माणसांची चालायची तऱ्हा, कशाचाही विषय निघो, मनिलात तसं नव्हतं. ऐकून घेणारे सुरुवातीला हसत, मग चिडत, मग त्याला लांबून पाहून गल्ली बदलत. त्यालाही कुणाची गरज नसावी. जे काही चांगलं होतं ते तो मागं ठेवून आला होता, आणि जे समोर होतं त्याच्याशी तो भांडत होता.

मागं ठेवलेल्यांत मुख्य म्हणजे एक लोखंडी कढई होती. सर्कस बुडाल्यावर येडूला मनिलाच्या नदीकाठी एका म्हाताऱ्या विधवेनं ठेवून घेतलं. तोमासा तिचं नाव; तिकडं तिला आलिंग तोमासा म्हणत, म्हणजे तोमासाबाई. बाजारात ती एक गोड पदार्थ विकायची. कलामाय म्हणतात त्याला. एका जातीचा तांदूळ तिकडं पिकतो, तो शिजला की शितं वेगळी राहत नाहीत, सगळं एकजीव चिकट होतं. तो भिजवून वाटायचा, नारळाच्या दुधात साखर घालून त्यात तो सोडायचा, आणि मग लाकडी फळीनं घोटत राहायचं. हात भरून आले तरी थांबायचं नाही. थांबलं की खाली लागतं. शेवटी नारळाचं तेल सुटतं, गोळा कढईचा काठ सोडून देतो आणि फळीबरोबर फिरू लागतो. थांबलेल्या हातावर तोमासा त्याच फळीचा फटका मारत असे. येडूच्या आयुष्यात त्याला कुणी काही शिकवलं असेल तर ते एवढंच, आणि त्यात तो तयार झाला होता. हे सोलापुरात सांगायची सोय नव्हती. तिथं गोड म्हणजे गूळ आणि गहू. तांदूळ सणाला, तोही मोकळा.

तो चिकट तांदूळ सोलापुरात मिळतो हे येडूला कळलं तेच भांडणातून. शेजारी ईरप्पा विणकर राहायचा. घरात कानडी बोलायचा, बाहेर गरजेपुरतं मराठी. सूत मागावर चढवण्याआधी ताणा, म्हणजे उभे धागे, गल्लीत लांबलचक पसरून त्याला कुंच्यानं खळ द्यावी लागते, म्हणजे धागा ताठ राहतो आणि तुटत नाही. ईरप्पाच्या साड्यांपेक्षा त्याच्या खळीचं नाव मोठं होतं. इतर विणकर गव्हाच्या पिठाची खळ करत. ईरप्पाला मंगळवार पेठेतल्या एका दुकानात रंगूनहून आलेला तांदूळ सापडला होता. शिजवला की गोळा होतो म्हणून बायका तो परत आणून टाकत. ईरप्पानं तो घेतला, वाटून शिजवला, त्यात थोडं खोबरेल घातलं, आणि पेठेतले सगळे विणकर त्याच्यावर जळू लागले.

येडूनं ईरप्पाची खळीची कढई पाहिली आणि तो जागच्या जागी उभा राहिला.

"ईरप्पा, ह्यो तांदूळ तुमी सुताला पाजताय?"

"मग कुणाला पाजू? तुला?" ईरप्पानं तपकिरीची चिमूट नाकात कोंबली. त्याचं नाक तपकिरीनं कधीच कामातून गेलं होतं.

"मनिलात ह्याचं गोड करत्यात. सणाला."

ईरप्पाची बायको गुरम्मा दारातून म्हणाली, "अय्यो! तिकडं माणसं ऱ्हात्यात का हातमाग?"

ते वाक्य दुपारपर्यंत पेठभर झालं. येडू मनिलाला खळ खाऊन जगला, हे संध्याकाळी सिद्ध झालं होतं. बिरप्पानं त्यात भर घातली. तो म्हणे, खळ कसली, डुकराच्या चरबीचे गोळे ते. बिरप्पा अक्कलकोटच्या पलीकडं कधी गेला नव्हता, त्यामुळे त्याला मनिलाबद्दल ठामपणे बोलता येत असे.

जातीत परत यायला रस्ता एकच होता, भावकीला जेवण. त्याची रीत बंडगरांत ठरलेली. बोकडाचा रस्सा कुणीही शिजवावा; पण गोड मात्र बाहेर पडलेल्या माणसानं स्वतः करायचं आणि पहिला घास स्वतःच्या हातानं प्रत्येकाच्या पानावर ठेवायचा. मुख्यानं तो खाऊन मोठ्यानं "गोड झालं" म्हणायचं. म्हटलं, की माणूस आत आणि रस्सा वाढायला मोकळीक. मुख्य न बोलता उठला, तर सगळी पंगत उठते, आणि पुढच्या बिरोबाच्या जत्रेपर्यंत त्या दारात पुन्हा पानं मांडत नाहीत. जत्रेपर्यंत सांगोल्याचे लोक थांबणार नव्हते. त्यांनी तसा निरोपच पाठवला होता. आणि बिरप्पाच्या मेव्हण्याची मुलगी लग्नाची होती, सांगोल्याचं ते घर तिलाही चाललं असतं, हेही पेठेत सगळ्यांना ठाऊक होतं.

"एकदा जेवलोय की तुज्या नावानं," बिरप्पा म्हणाला. "आता जित्ता हाईस म्हंतोस, तर पुन्ना जेवू. पर गोडात खोट निघाली तर उठंन बग. मला ल्हानमोटं कळत न्हाय."

"कळत न्हाय ते दिसतंय की," येडू म्हणाला.

घरी केराबाईनं लापशीचे गहू काढले. येडूनं ते परत डब्यात ओतले.

"ह्यो बिरप्पा गावाला सांगत फिरतोय, मी चरबीचं गोळं खाल्लं म्हून. त्येच गोळं त्याच्या पानावर ठिवतो. खाऊन गोड म्हनू दे त्याला."

"आन् न्हाय म्हनला तर?"

"कसा न्हाय म्हनंल? जीब हाय न्हवं त्याला?"

"जीब हाय. तीच तर भीती."

"केरा, आठ वर्सं मी तितं काय केलं, ते ह्या लोकांनी एकदा तोंडात घालून बगावं. मग हानू द्या जोडा."

"पोरीच्या लग्नावर तुमची जीब तोलताय व्हय?" केराबाई म्हणाली. पण गव्हाला तिनं पुन्हा हात लावला नाही. करायचं त्यानंच होतं, रीतच तशी होती. आणि भांडून त्याला हलवता आलं असतं तर तो मुळात सर्कशीबरोबर गेलाच नसता.

तांदूळ त्याच दुकानातून आला. तिकडची काळी साखर इथं मिळेना. गुळानं नारळाचं दूध फाटेल अशी येडूला धास्ती, म्हणून पांढरी, महागाची मोरस साखर आणली. गोळा पांढरा होणार याचं त्याला वाईट वाटत होतं. भावकीला पांढरी साखर दिसेल याचं केराबाईला समाधान होतं. उरली कढई. बाहेर पडलेल्या घराला भावकीतलं कुणी भांडं देणार नव्हतं. गुरम्माकडं खळीच्या दोन सारख्या कढया होत्या. केराबाई तिच्या दारात गेली. सांडपाण्यावरून दोघींचं बोलणं बंद होऊन बरेच दिवस झाले होते.

"गुरम्माक्का, एक कढई पायजे."

"का? बिरप्पाकडं नाहीत कढया?"

"भायेर पडलेल्या घराला जातीतलं कोन देतंय?"

"म्हंजे आमी कोणी नाही, म्हणून आमची चालते?"

"व्हय," केराबाई म्हणाली.

गुरम्मानं कढई आणून दारात आपटली. "घासून दे परत. माझी खळ चांगल्या भांड्यात शिजते."

जेवणाच्या दिवशी चैत्रातलं ऊन होतं. दोन घरांमध्ये एकच अंगण. एका चुलीवर येडू घोटत होता, दुसऱ्यावर गुरम्माची खळ रटरटत होती, कारण ईरप्पाचा ताणा सकाळपासून गल्लीत पसरलेला होता आणि येडूच्या जातीसाठी ईरप्पाचा माग थांबणार नव्हता. बोकड ओढ्यापलीकडं कापले होते आणि रस्सा तिकडंच शिजत होता. तरी वास येतो म्हणून, घरात मांस न चालणारी गुरम्मा खळ उतरवून, कढई लिंबाच्या सावलीत ठेवून, दार लावून आत बसली. येडूच्या कढईत तेल सुटलं. गोळा काठ सोडून फळीबरोबर फिरला. त्यानं चिमूटभर तोंडात टाकला. त्या दिवशी दुपारपर्यंत त्यानं मनिलाचं नाव काढलं नाही. बहुधा काढायची गरज उरली नसावी.

"बग की," तो केराबाईला म्हणाला.

"भावकीच्या आदी आमी तोंड लावत न्हाय."

तिनं कढई उचलून लिंबाखाली ठेवली, ओलं फडकं टाकलं आणि पानं मांडायला गेली. तिथं आणखी एक कढई ओल्या फडक्याखाली होती. येडूला बिरप्पानं विहिरीवर नेलं. मिशा उतरवणं, अंघोळ, गोमूत्र वगैरे विधी होते. तेवढ्यात ईरप्पा गल्लीतून घाईनं आला. ऊन चढत होतं, ताणा वाळत होता. जवळची कढई त्यानं फडक्यासकट उचलली. आत पांढरं, चिकट, खोबरेलाचा वास, आणि तोही फक्त इतरांना येणारा. उन्हानं आटली असेल असं समजून त्यानं वर पाणी ओतलं, कुंचा बुडवला आणि तो कामाला लागला.

पंगत बसली. मधोमध बिरप्पा, त्याच्या शेजारी सिद्धाप्पा आज्जा. सिद्धाप्पा आज्जा भावकीत सर्वांत वयस्कर. दात गेलेले, भूक शाबूत. येडू ओल्या अंगानं, बोडक्या तोंडानं आला. मिशा गेल्यावर तो एकदम कुणाच्या तरी धाकट्या भावासारखा दिसत होता. केराबाईनं कढई त्याच्यापुढं आणून ठेवली. त्यानं हात आत घातला.

बोटांना कळलं. गोळा नव्हता, लगदा होता. तेल नव्हतं, ताण नव्हता. ती खळ होती.

हात कढईत तसाच राहिला. सगळी पंगत त्याच्याकडं पाहत होती. केराबाईनं त्याचं तोंड पाहिलं, मग कढईत पाहिलं, मग लिंबाखालच्या मोकळ्या जागेकडं पाहिलं. दुसरी कढई तिथं नव्हती. तिचा चेहरा पाटावरवंट्याच्या दगडासारखा झाला. पानं मांडून झाली होती. आता थांबा म्हणणं म्हणजे पंगत उठवणं. बिरप्पा पानावर रेलून वाटच पाहत होता.

"काय रं, बोटं चिकटली व्हय तुजी?" बिरप्पा म्हणाला. "का चरबी थिजली?"

येडूनं एकदा गल्लीकडं पाहिलं. तिकडं ईरप्पाचा कुंचा सपसप चालला होता. मग त्यानं खळीचा एक गोळा काढला आणि बिरप्पाच्या पानावर ठेवला. मग सिद्धाप्पा आज्जाच्या. मग एकेकाच्या. हात थांबला नाही. तोमासानं थांबू नको म्हणून शिकवलेला हात होता तो.

बिरप्पानं घास घेतला. चघळला. पुन्हा चघळला. त्याच्या तोंडावर पहिल्यांदा संशय आला, आणि लगेच आनंद.

"येडू, ह्यात गोड कुटं हाय?"

ओढ्याकडून वाऱ्यावर रश्श्याचा वास आला.

"सांग की. साकर कुटं गेली? ही तर सपक—"

"मनिलात असंच असतंय," येडू म्हणाला. "तिकडच्या लोकास्नी गोडाची अक्कल न्हाय. सपकालाच ती गोड म्हंत्यात."

केराबाई त्याच्याकडं बघतच राहिली. मनिलाविरुद्ध एक शब्द त्याच्या तोंडून तिनं, किंवा पेठेत कुणीही, कधी ऐकला नव्हता.

"मग आठ वर्सं झक मारत व्हतास व्हय तितं?" बिरप्पा म्हणाला.

"व्हय."

पंगतीत हसू फुटलं. बिरप्पाला हवं होतं ते मिळालं होतं, पण त्याला अजून थोडं हवं होतं. तो पानावरून हात उचलणार, इतक्यात शेजारून सिद्धाप्पा आज्जानं आपला गोळा गिळला.

"झालं गोड झालं," आज्जा मोठ्यानं म्हणाला. "दात लागत न्हाईत, लई बेस हाय. आरं, रस्सा आना की! का मुडदा पाडताय आमचा?"

"आज्जा, मुख्य म्या हाय—"

"मग म्हन की लवकर! सकाळधरनं बसलोय. तुज्या तोंडातला घास का दगूड हाय?"

मागून दोघातिघांनी "म्हना, म्हना" केलं. तत्त्वासाठी रस्सा सोडणारी ती भावकी नव्हती. बिरप्पानं सगळ्यांकडं पाहिलं, आणि बळंच गिळून तो म्हणाला, "गोड झालं."

येडू बंडगर जातीत आला.

रस्सा निम्म्यावर आला होता तेव्हा गल्लीतून ईरप्पाची आरोळी ऐकू आली. साखर उन्हात वाळली, ताण्यातला धागा धाग्याला सोडेना, आणि गल्लीतल्या सगळ्या मुंग्या सुतावर चढल्या होत्या. ईरप्पानं बोट चाटलं. गुरम्मानंही चाटलं. मग दोघं अंगणात धावत आली, आणि पंगतीच्या कडेला रिकामी झालेली आपली कढई त्यांनी पाहिली. भावकीनं जाणकारीनं चाटूनपुसून खाल्लेल्या आपल्या खळीचे डागही पानांवर पाहिले.

गुरम्माचं तोंड उघडलं. केराबाई तिच्यापुढं येऊन उभी राहिली आणि हळू आवाजात म्हणाली,

"बोल की. समद्यांस्नी सांग. ईरप्पानं ताण्याला मिटाई पाजली, त्याला खळ कळली न्हाय, म्हून सांग. मी बी येते संगं पेठंत सांगाया."

ज्याच्या खळीचं नाव मागामागावर घेतलं जातं, तो विणकर खळ आणि साखरेचा गोळा ओळखत नाही, ही गोष्ट बाहेर गेली असती तर ईरप्पाला ताणा पसरायला गल्ली उरली नसती. तिनं तोंड मिटलं.

"काय झालं वो?" बिरप्पानं पानावरून विचारलं.

"कढई पायजे," ईरप्पा म्हणाला. "घासून."

अशा रीतीनं एक गोष्ट चार जणांत राहिली, आणि ती राहिली याचं कारण चौघांत एकाचंही दुसऱ्याशी पटत नव्हतं हे होतं. प्रेमानं सांभाळलेलं गुपित इतकं टिकलं असतं की नाही, शंका आहे. त्या वाया गेलेल्या ताण्याच्या बदल्यात येडू ईरप्पाची खळ घोटायला जाऊ लागला. नाही म्हणायची सोय नव्हती. त्याचा हात चांगला होता. ईरप्पानं ते कधी बोलून दाखवलं नाही, पण गव्हाच्या पिठाच्या विणकरांचा जळफळाट वाढला, यावरून समजायचं ते समजलं.

मायाक्काचं लग्न त्याच वैशाखात सांगोल्याला लागलं. लापशी होती. बिरप्पा पंगतीत म्हणाला, "येडू, ह्याला गोड म्हंत्यात. खा." येडू जेवला. तेव्हापासून भावकीत कुठंही पान पडलं, की मनिलाचा विषय बिरप्पाच काढायचा. त्याला आता बोलायचा अधिकारच होता, त्यानं खाल्लं होतं. येडूनं मनिलाचं नाव घेणं सोडलं. त्यामुळे त्याच्याशी बोलायला कुणाला विषय उरला नाही.

केराबाईनं एकदा, फक्त एकदा, त्याला विचारलं, "पुन्ना कराचं न्हाय व्हय ते?"

"कुनासाटी? उद्या केलं आन् गोड निघालं, तर त्या दिशी काय खाल्लं म्हून इचारतील की."

ते तिला पटलं. गुरम्मा मात्र सांडपाण्यावरून भांडण निघालं, की शेवटचा घाव म्हणून आवाज खाली आणून म्हणायची, "तुझ्या नवऱ्याच्या हाताला काय गोडी आहे, मला विचार. तुला काय माहीत?" केराबाई बादली उचलून घरात जायची. तिनं ते चाखलंच नव्हतं.

एकोणीसशे तीस साली सोलापुरात मार्शल लॉ लागला, त्याच्या पुढच्या वर्षी मायाक्काच्या मुलाच्या जावळासाठी भावकी येडूच्या दारात जमली होती. नातू बिरप्पाच्या मांडीवर होता. गावात पुन्हा एक सर्कस आली होती, आणि तिच्यातला एक झोके घेणारा गडी पत्ता विचारत पेठेत आला. रावजी त्याचं नाव, करमाळ्याकडचा मराठा, मनिलाला बुडालेल्या सर्कशीत येडूबरोबर असलेला. तोही पुष्कळ दिवस तोमासाच्या दारात पडून होता आणि तिच्याच कढईवर जगला होता. त्यानं येडूला मिठी मारली. येडूला कुणी मिठी मारावी हे दृश्य पेठेला नवीन होतं.

"आरं, तुमी नशीबवान मानसं," रावजी पंगतीला म्हणाला. "ह्याच्या हातचं ते तांदळाचं गोड! काय ते रं... कलामाय! म्हातारी म्हनायची, माज्यापरीस ह्याचा हात बरा हाय. दर सणाला करत असंल की हितं?"

"खाल्लंय आमी," बिरप्पा म्हणाला. "खळ हाय निस्ती. ना गोड ना खारट."

"खळ?" रावजी उभाच राहिला. "कुनी खाल्ली खळ? साकर आन् नारळ अटवून अटवून तेल सुटंस्तवर घोटत्यात ते, आन् तुमी—"

"साकर?" बिरप्पानं नातू मांडीवर सरळ केला आणि येडूकडं पाहिलं. "साकर व्हती व्हय त्यात, येडू? मग आमाला काय घातलंस त्या दिशी?"

दाराआड मायाक्का पानं पुसत होती. तिचा हात थांबला. केराबाई चुलीपासून उठली. सांगोल्याचे व्याही पंगतीतच होते, आणि ते आता बिरप्पाकडं नाही, येडूकडं बघत होते.

"रावजी," येडू म्हणाला, "तू इसारलास. खळच असायची ती."

"आरं, काय बोलतोस? त्या म्हातारीनं आपल्याला त्याच्यावर जगवलं! तापात मी व्हतो, तूच भरवलंस मला ते. आन् मी इसारंन?"

"जगवलं असंल. भुकंला काय बी गोड लागतंय. पर खळच व्हती."

रावजीनं त्याचं तोंड न्याहाळलं. तिथं त्याला थट्टा सापडली नाही, दुसरंही काही सापडलं नाही.

"थू तुज्यावर," तो म्हणाला. "म्हातारीनं पोटच्या पोरावानी ठिवला तुला. गाव मिळाला तर तिच्या अन्नाला खळ म्हंतोस? खोटारडा."

"बगा," बिरप्पा समाधानानं सर्वांना म्हणाला, "तिकडची मानसं अशी. तोंडाळ."

केराबाईनं रावजीपुढं पाण्याचा तांब्या ठेवला. त्यानं तो पायानं बाजूला सारला आणि गल्लीतून निघून गेला. सोलापुरात त्या पदार्थाची चव माहीत असलेला आणि ती उघड सांगू शकणारा तो एकटा माणूस होता. येडूच्या घरचं पाणी न पिता तो गेला. भावकी जेवायला थांबली.